मोकळा ठेवलेला हात

माझ्या पेशंटांना माझं तोंड आठवत नाही. तुमसरच्या बाजारात, लग्नाच्या मांडवात लोक मला ओलांडून शेजारी उभ्या असलेल्या सर्जनच्या पाया पडतात. "डॉक्टरसाहेब, तुमच्यानं वाचलो जी!" मी आपली बाजूला उभी. फारच झालं तर सर्जनसाठी आणलेल्या डब्यातला एक पेढा माझ्या हातावर येतो. हा माणूस टेबलावर होता तोवर त्याचा श्वास माझ्या मुठीतल्या रबरी फुग्यावर चालला होता, हे त्याला ठाऊक नसतं. ते ठाऊक नसणं हेच माझ्या कामाचं यश, असं मी स्वतःला समजावत आले. आता काम सोडल्यावर सांगायला हरकत नाही, की राग यायचा.

मी भूलतज्ज्ञ. माहेर मोहाडीचं, हातमागावर चाललेलं घर. शिक्षण नागपूरला झालं, आणि नोकरी अशी कुठेच केली नाही, कारण आमच्याकडच्या छोट्या दवाखान्यांत कायमचा भूलतज्ज्ञ नसतो. फोन येतो, "बाई, सिझर आहे," की गाडी काढायची. सकाळी तुमसर, दुपारी भंडारा, मधेच सिहोऱ्याहून बोलावणं. मागच्या सीटवर बॅग, बॅगेत नळ्या, औषधं आणि एक जुनी शाल, कारण थिएटरमधला एसी सर्जनच्या मर्जीनं चालतो. लोक मला 'भूलवाल्या बाई' म्हणायचे, अजूनही म्हणतात.

बाहेरच्यांना वाटतं, भूल म्हणजे एक सुई. तसं नाही. पूर्ण भुलीत तीन वेगळी कामं असतात. एक औषध झोपवतं. दुसरं दुखणं मारतं. तिसरं अंगातले स्नायू ढिले करतं, कारण पोट ताठ राहिलं तर सर्जनला आत हात घालता येत नाही. या तिसऱ्या औषधानं श्वासाचे स्नायूही थांबतात, म्हणून घशात नळी घालून श्वास आम्ही द्यायचा. आता जरा विचार करा. त्या माणसाची पापणी हलत नाही, बोट हलत नाही, त्याला ओरडता येत नाही. मग तो खरंच झोपलाय हे मला कशावरून कळतं? नाडीवरून, रक्तदाबावरून, घामावरून, डोळ्यांच्या कडेला पाणी आलं का त्यावरून. म्हणजे अंदाजानं. शहरांत मेंदूच्या लहरी बघणारं यंत्र लावतात. मी फिरले त्या थिएटरांत ते नव्हतं. अंदाज सहसा चुकत नाही. हा 'सहसा' शब्द मी उभ्या आयुष्यात फार सहज उच्चारला.

माणसांना प्रश्न कसा विचारायचा, हे मात्र मला या जिल्ह्यानं शिकवलं. भूल देण्याआधी पोट रिकामं लागतं, नाही तर पोटातलं वर येऊन फुप्फुसात जातं आणि माणूस दगावतो. सुरुवातीच्या काळात सिहोऱ्याकडच्या एका शेतकऱ्याला हर्नियासाठी टेबलावर घेतलं. विचारलं, "काही खाल्लं का?" "नाही जी." "पाणी?" "थेंब नाही, बाई." देवाची शपथही घेतली बिचाऱ्यानं. औषध दिलं, नळी घालायला तोंड उघडलं, आणि घसा भरून पांढरंशुभ्र काहीतरी वर आलं. टेबल डोक्याकडून खाली केलं, ओढून काढलं, कसाबसा तो वाचला. शुद्धीवर आल्यावर मी त्याच्यावर तुटून पडले.

"खोटं काहून बोललास?"

त्याला खरंच वाईट वाटलं. "खोटं कायले बोलीन, बाई? भात नाही खाल्ला, पानी नाही पेलो. पेज पेलो फक्त. पेज का खानं असते?"

पेज म्हणजे भाताचं पातळ, मिठाचं पाणी. धानाच्या मुलखात ती जेवणातही धरत नाहीत आणि पाण्यातही. उपाशी माणसाला घरातून पाठवायचं नाही म्हणून बायकोनं तांब्याभर पाजली होती. तो त्याच्या जागी शंभर टक्के खरं बोलला होता, प्रश्न माझाच परका होता. तेव्हापासून मी आधी पेजेचं विचारू लागले आणि मग बाकीचं.

भूल चढताना लोक जे बोलतात त्यावर एक वेगळा लेख होईल. धान बाजारातला एक अडत्या बोली लावत झोपला. एका निवृत्त हेडमास्तरांनी हजेरी सुरू केली आणि 'भोयर'पर्यंत पोचून गप्प झाले. नाकाडोंगरीच्या एका आजीनं माझा गाल कुरवाळून "जेवली काय व?" म्हणून विचारलं आणि उत्तर ऐकायला ती नव्हती. ही सगळी माणसं क्षणात कुठेतरी जात आणि मी त्यांना परत आणत असे. कुठे जात, हा प्रश्न मला पडला नव्हता. तो माझ्या गळ्यात हरिदासजी कापगत्यांनी घातला.

हरिदासजींना आमच्या भागातल्या राईस मिलवाल्यांत कोण ओळखत नाही? आयटीआय शिकलेला माणूस, तुमसरात वर्कशॉप. तांदळातले खडे आणि काळे दाणे उडवणारं यंत्र त्यांनी भंगारातल्या सामानातून बनवलं. मोठ्या कंपन्यांची तसली यंत्रं होती, पण छोट्या गिरणीत बसेल, बिघडलं तर गावातच दुरुस्त होईल, असं हेच. तांदळाची धार वरून खाली येते, तिच्यावर झगझगीत उजेड, बाजूला विजेचा डोळा. काळा दाणा समोर आला की हवेची फुंकर बसते आणि तो दाणा धारेबाहेर उडतो. मी स्वतः पाहिलंय, बघत राहावंसं वाटतं.

पहिल्या चाचणीच्या दिवशी गिरणीत हातानं दाणे निवडणाऱ्या बायका भिंतीशी उभ्या होत्या. उद्यापासून त्यांचं तिथे काम नव्हतं. त्यांच्यातल्या सगळ्यात जुन्या गिरजाबाई. त्या पुढे आल्या, यंत्राकडे निरखून पाहिलं आणि म्हणाल्या, "हे पायते काय जी?"

"पायते न," हरिदासजी अभिमानानं म्हणाले.

"दिवसभर?"

"रातभर बी."

"मंग त्याचे डोळे नाही दुखत?"

सगळी गिरणी हसली. हरिदासजीही हसले. पण घरी गेल्यावर त्यांना जेवण जाईना. "म्या म्हटलं, पायते," ते मला पुढे सांगत. "कुठं पायते? ते फक्त उडवते. पायते तं गिरजाबाई, म्हनून तिचे डोळे दुखते. या दोघींत फरक काय हाय, ते मले सांगताच येईना. मी बनवलेली मशीन, अन मलेच नाही सांगता येत!"

त्या एका प्रश्नानं माणूस कामातून गेला म्हणा, नाही तर कामाला लागला म्हणा. नवी ऑर्डर घेणं बंद. नागपूरहून जाडजूड पुस्तकं येऊ लागली, संस्कृत ग्रंथांची भाषांतरं, मेंदूवरची इंग्रजी पुस्तकं. शब्दकोश मांडीवर घेऊन ते वर्कशॉपच्या दारात वाचत बसत. गावानं ठरवून टाकलं, की कापगते सटकले. वर्कशॉप त्यांच्या पत्नीनं, विमलबाईंनी, हातात घेतलं. बेअरिंग, पट्टे, दुरुस्ती, सगळं त्या बघत. नवऱ्याबद्दल कुणी काही बोललं की त्या म्हणत, "दारू तं नाही पेत न? इचार करते. करू द्या."

आमची गाठ पडली ती विमलबाईंच्या पित्ताशयाच्या ऑपरेशनला. ऑपरेशन उत्तम झालं. मी बाहेर आले तर हा शिडशिडीत माणूस सर्जनला सोडून माझ्याकडे आला. आयुष्यात पहिल्यांदाच कुणीतरी माझ्याकडे आलं होतं.

"बाई, ती कुठं गेली होती?"

"कुठे म्हणजे? झोपली होती."

"झोप नाही ते. झोपून उठलं का मानसाले कळते, वेळ गेला. विमल म्हनते, डोळे मिटले अन उघडले, मधात काईच नाही. मंग मधातली ते कुठं होती?"

मी थकले होते. "टेबलावर," म्हणाले आणि गाडीत बसले. पण गाडी चालवताना चिडचिड होत राहिली, कारण उत्तर मला येत नव्हतं.

त्यानंतर ते रविवारी माझ्या घरी येऊ लागले. माझा रविवार गेला. आधी मी टाळलं, मग चहा ठेवू लागले, आणि मग ते आले नाहीत तर फोन करू लागले. भान म्हणजे काय, साक्षी कोण, मेंदू थांबला तर बघणारा थांबतो का, यावर ते बोलत आणि मी त्यांना जमिनीवर आणत असे. ते आधी यंत्रवाले होते आणि शेवटपर्यंत यंत्रवालेच राहिले. नुसत्या बोलण्यावर त्यांचं समाधान नसे, चाचणी हवी. एकदा म्हणाले, "तुमी मानसाचं अंग सारं ढिलं करता. अन मंग म्हनता, पाहा, हलत नाही, झोपला. हे म्हनजे मानसाले बांधून म्हनाचं, का तो कुठं जात नाही."

मला राग आला, पण मुद्दा खरा होता. मी त्यांना एक जुनी पद्धत सांगितली. स्नायू ढिले करायचं औषध देण्याआधी एका दंडावर रक्तदाबाची पट्टी घट्ट फुगवायची. त्या हातात रक्त जात नाही, म्हणून औषधही जात नाही. सगळं अंग निपचित, पण तो एक हात मोकळा राहतो. मग पेशंटच्या कानात सांगायचं, ऐकू येत असेल तर हात दाबा. पट्टी फार वेळ फुगवून ठेवता येत नाही, पण थोडा वेळ मिळतो. मी हे पुस्तकात वाचलं होतं, केलं कधीच नव्हतं.

हरिदासजी चहा विसरले. "अन दाबते लोक?"

"काही दाबतात म्हणे. शुद्धीवर आल्यावर त्यांना आठवत मात्र नाही."

ते मग म्हणाले, "बाई, हे तुमाले माहीत होतं, अन तुमाले झोप येते?" मी हसण्यावारी नेलं.

पुढच्या धान कापणीच्या सुमारास त्यांना उलट्या सुरू झाल्या. अन्न पुढे सरकेना, अंगावरचं मांस गेलं. तपासण्या झाल्या. जठराच्या खालच्या तोंडाशी गाठ होती आणि तिचं लक्षण चांगलं नव्हतं. आमच्याकडे रिपोर्ट पेशंट सोडून सगळ्यांना कळतो, तसा तो कळला. हरिदासजींना सांगितलं, अल्सरनं वाट आकसली आहे, उघडून मोकळी करू. ऑपरेशन भंडाऱ्याला ठरलं. विमलबाईंनी मला दवाखान्याच्या जिन्यात गाठलं.

"बाई, त्याईले काई सांगू नका. दुसरा मानूस असता तं सांगितलं असतं. हे इचार करनारे हायेत. बिमारीनं नंतर जातीन, इचारानं आधी." त्यांनी माझे दोन्ही हात धरले होते. "तुमच्यावर त्याईचा लय भरोसा हाय. म्हनून तुमालेच सांगून राहिली."

मी कबूल केलं. यात मला काही वावगं वाटलं नाही, अशी कबुली मी कितीतरी जिन्यांत दिली होती.

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी हरिदासजींना तपासायला गेले तर माणूस लग्नाला निघाल्यासारखा खूश. "बाई, आता चाचनी होऊ द्या. एक हात मोकळा ठेवा माझा." मी नाही म्हटलं. मग ते जे म्हणाले ते असं: "मी मशीन सोडली, लोकाईचं हसू झालं, विमलच्या जिवावर बसून खाल्लं. एकाच गोष्टीसाठी. सारं बंद केलं तं मागं कोनी राहते का नाही. हे पाहाले मले दुसरा मोका नाही भेटनार. तुमच्या औषधात कमी नका करू. फक्त हात धरून ठेवा."

त्यात धोका नव्हता. औषध पूर्ण द्यायचं, हात फक्त धरायचा. मी तयार झाले. त्यांनी खूणही ठरवली, यंत्राच्या चाचणीत ठरवत तशी. आवाज नुसता पोचला तर एकदा दाबायचं. अर्थ कळला तर दोनदा.

सर्जननं माझी थट्टा केली, "बाई, आता तुम्हीही तत्त्वज्ञ झालात." टेबलावर मी पेजेचं विचारलं. "नाही पेलो, शप्पथ," हरिदासजी हसले. झोपेचं औषध जाऊ लागलं तसे म्हणाले, "बरं, आता पायतो," आणि डोळे मिटले. उजव्या दंडाची पट्टी फुगवली, मग ढिलं करणारं औषध डाव्या हातातल्या सलाईनमधून दिलं, नळी घातली, मशीन लावलं. सर्जननं काम सुरू केलं. मी चादरीखालून त्यांचा उजवा पंजा हातात घेतला आणि कानाशी वाकले.

"हरिदासजी, ऐकू येतंय का? हात दाबा."

काही नाही. थोडं थांबून पुन्हा विचारलं. काही नाही. नाडी शांत, रक्तदाब ठीक, डोळे कोरडे. मला हायसं वाटलं आणि थोडं वाईटही वाटलं, कारण रविवारी हे त्यांना सांगावं लागणार होतं. हात मी तसाच धरून ठेवला होता, सोडायचं लक्षात राहिलं नाही इतकंच.

सर्जननं आत हात घातला. त्याचा चेहरा मास्कवरूनही कळला. "पसरलंय, बाई. लिव्हरवर पण आहे. काढण्यात अर्थ नाही. वाट करून देतो आणि बंद करतो. काही महिने काढतील."

माझा हात दाबला गेला.

मला आधी कळलंच नाही काय झालं. आणि मी श्वास घ्यायच्या आत तो पुन्हा दाबला गेला, सावकाश आणि नीट, माणूस समजून दाबतो तसा.

मॉनिटरकडे पाहिलं. नाडी तशीच. रक्तदाब तसाच. डोळ्यांत पाणी नाही, कपाळावर घाम नाही. ज्या ज्या खुणांवर मी हयातभर विसंबले त्यांतली एकही खूण बोलत नव्हती, आणि माझ्या हातात माणूस जागा होता. मी झोपेचं औषध वाढवलं. कानात म्हणाले, "हरिदासजी, झोपा, मी आहे." पुन्हा विचारलं, पुन्हा विचारलं. आता हात मऊ होता. पट्टी सोडली.

"काय झालं?" सर्जननं विचारलं.

"काही नाही."

नंतर हात धुताना मी त्याला सांगितलं. तो म्हणाला, "रिफ्लेक्स असेल." मी म्हटलं, "दोनदा? त्याच वाक्यावर?" त्यानं नळ बराच वेळ चालू ठेवला.

घरी येताना मला वरठीपाशी गाडी बाजूला घ्यावी लागली. त्या दिवशी मला जे वाटलं ते भीती होतं, दुसरा शब्द नाही. हरिदासजींचा हात मी मोकळा ठेवला म्हणून कळलं. बाकीच्यांचे हात मी मोकळे ठेवले नव्हते. त्यांच्या अंगावर आम्ही काय काय बोललो होतो! कुणाच्या वजनावर हसलो, कुणाच्या मुलाच्या भानगडी चघळल्या, कुणाची आशा नाही म्हणून मोकळे झालो. मी नाडी पाहून "छान झोपलेत" असं लिहीत होते. अडत्या, हेडमास्तर, नाकाडोंगरीची आजी, सगळ्यांचे पंजे डोळ्यांपुढे येऊ लागले.

हरिदासजी सावरले. तोंडानं पातळ अन्न द्यायची परवानगी मिळाली त्या दुपारी मी खोलीत गेले तर विमलबाई त्यांना चमच्यानं पेज पाजत होत्या.

"आता सांगा," ते म्हणाले. आवाज खोल गेला होता, डोळे मात्र चाचणीच्या दिवशीचे. "मले काईच आठवत नाही. विमल म्हने तसंच, डोळे मिटले अन उघडले. म्हनून निरीक्षन तुमचं."

"दाबला," मी म्हणाले.

"एकदा का दोनदा?"

"दोनदा."

त्यांनी टाक्यांवर हात दाबून धरला आणि हसले, आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. "आयकलं काय, विमल? सारं बंद होतं, अन मी होतो! मशीन नाही मी. होतो!" विमलबाईही हसल्या. त्यांना यातलं फारसं कळलं नव्हतं, पण नवरा कितीतरी दिवसांनी हसला होता.

मग त्यांनी विचारलं, आणि ते विचारणार हे मला ठाऊक असायला हवं होतं. "तवा काय सुरू होतं? कोनी काय म्हटलं?"

विमलबाईंचा चमचा थांबला. पोटात काय सापडलं हे त्यांना माहीत होतं, त्यामुळे या प्रश्नाचं उत्तर कुठे नेणार, हे त्यांना माझ्याआधी कळलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि ती नजर मी सांगू शकत नाही.

"बाई, अर्ध निरीक्षन नाही चालत."

'मी तुमचं नाव घेतलं तेव्हा दाबला,' एवढं म्हटलं असतं तर निभलं असतं. वाक्य जिभेवर आलं होतं. पण माझा हात जणू अजून त्यांच्या पंजात होता, आणि ते खोटं मला बोलता येईना. ते माझ्याकडे बघत राहिले, मग बायकोकडे. तिनं मान खाली घातली.

"असं हाय," ते म्हणाले.

आता ते घाबरतील, रडतील, आम्हा दोघींवर चिडतील, असं मला वाटलं. त्यांनी आपला उजवा हात उलटसुलट करून पाहिला. मग हळू आवाजात म्हणाले, "म्हनजे त्याले माहीत हाय."

"कोनाले?" विमलबाईंनी विचारलं.

"ज्यानं हात दाबला त्याले. त्यानं आयकलं, त्याले समजलं, दोनदा दाबलं त्यानं. मंग बाईनं औषध देऊन त्याले झोपवलं." त्यांनी बायकोचा हात धरला. "तो एकटाच घेऊन बसला असंन, विमल. मले बी सांग. त्याले एकटं कायले ठेवतं?"

मरणाची बातमी ऐकताना मी माणसं पाहिली आहेत, त्यातल्या कुणी असं म्हटलेलं नाही. मी दाराकडे वळले. विमलबाईंनी पदरानं तोंड पुसलं, आणि वर्कशॉपमध्ये गिऱ्हाईकाला शाफ्ट तुटला म्हणून सांगतात तसं सरळ सांगितलं. "गाठ होती जी. पसरली. काढता नाही आली. काई महिने हायेत." आणि मग त्यांचा बांध फुटला. हरिदासजी त्यांच्या डोक्यावरून तोच हात फिरवत राहिले. थोड्या वेळानं त्यांनी तोंड उघडलं आणि विमलबाईंनी उरलेली पेज पाजली.

मी त्यानंतरही काही वर्षं काम केलं. माझ्या थिएटरमध्ये पेशंटच्या अंगावर कुणी बोलायचं नाही, हा नियम केला. सर्जन वैतागले, नर्सा माझ्या पाठीमागे तोंड दाबून हसल्या, एका दवाखान्यानं तर मला बोलावणंच बंद केलं. गेले उडत. नळी घातल्यावर मी प्रत्येकाच्या कानाशी वाकून त्याच्या नावानं सांगत असे, की तुम्ही ठीक आहात, मी इथेच आहे. ते पोचलं का, मला माहीत नाही. त्यांनाही आठवलं नाही.

हरिदासजींनी ते महिने वाया घालवले नाहीत. गिरजाबाईंच्या घरी जाऊन "त्याचे डोळे नाही दुखत, बाई," असं उत्तर देऊन आले. "मले तवाच माहीत होतं," त्या म्हणाल्या म्हणे. घरात सगळं उघड बोललं जायचं, कोण काय बघणार, वर्कशॉपचं काय. विमलबाई मला एकदा म्हणाल्या, की लग्नानंतर एवढं बोलणं कधी झालंच नव्हतं.

शेवटी शेवटी दुखणं वाढलं तेव्हा मी घरी जाऊन औषध देत असे. त्या सकाळी गेले तेव्हा ते हाकेला उत्तर देत नव्हते. खोलीत नातेवाईक जमले होते. कुणी लाकडांचं बोलत होतं, कुणी नागपूरच्या भाच्याला कळवायचं. "आता काय आयकू येते त्याईले," एक जण म्हणाला.

विमलबाई ताडकन उठल्या. "बाहीर बोला. सारे बाहीर! आयकून राहिले ते."

खोली रिकामी झाली. मी निघत होते, त्यांनी मला थांबवलं. "किती वेळ हाय, बाई? मोठ्यानं सांगा. त्याईच्यासमोर." मी सांगितलं, आज संध्याकाळपर्यंत कदाचित.

त्या खाटेवर बसल्या, नवऱ्याचा उजवा हात दोन्ही हातांत घेतला आणि कानाशी वाकल्या. "आयकलं न जी? आता जास्त वेळ नाही. सारं नीट हाय. मी इतंच हाय, सोडून नाही जात." मग त्या आपल्या हातांकडे बघत राहिल्या.

त्या रडतील असं मला वाटलं होतं. त्या हसल्या, ओल्या डोळ्यांनी, नवरीसारख्या. आणि मी, जिनं जन्मभर माणसांना प्रश्न विचारले, ती उंबऱ्यात उभी राहिले. एकदा की दोनदा, ते मी विचारलं नाही.